वैवाहिक फौजदारी प्रकरणांतील शीघ्र न्याय

पती किंवा त्याचे नातेवाईक यांच्याविरुद्ध छळ अथवा हुंड्याची मागणी यांबद्दल दाखल झालेल्या फौजदारी तक्रारीचा निकाल वाजवी मुदतीत लागावा, या मागणीचा भारतातील इतिहास फार जुना नाही. १९६१ च्या हुंडा प्रतिबंधक अधिनियमाने हुंडा देणे-घेणे गुन्हा ठरविले. परंतु घरातील छळास स्वतंत्र गुन्ह्याचे स्वरूप मिळाले ते १९८३ मध्ये, भारतीय दंड संहितेत कलम ४९८-अ समाविष्ट झाल्यावर. तीन वर्षांपर्यंत कारावास व दंड अशी शिक्षा असलेला हा गुन्हा दखलपात्र, अजामीनपात्र आणि तडजोडीने न मिटविता येणारा असा ठरविण्यात आला. यांपैकी शेवटचे लक्षण पुढे निर्णायक ठरले.

शीघ्र सुनावणीचा आदेश कायद्यात पूर्वीपासूनच होता. फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ हिच्या कलम ३०९ नुसार साक्षीदारांची तपासणी एकदा सुरू झाली, की ती दिवसेंदिवस चालावी व तहकुबीची कारणे नोंदवावीत अशी अपेक्षा होती. दंडाधिकाऱ्यांच्या न्यायालयांत ती क्वचितच पाळली गेली. बिहारमधील कच्च्या कैद्यांच्या प्रकरणात (हुसैनआरा खातून, १९७९) सर्वोच्च न्यायालयाने शीघ्र सुनावणी हा संविधानाच्या अनुच्छेद २१ मधील हक्काचा भाग मानला. महाराष्ट्राचे माजी मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांच्या खटल्यात १९९१ मध्ये पाच न्यायाधीशांच्या पीठाने या हक्काची तत्त्वे सांगितली, मात्र ठरावीक कालमर्यादा घालण्यास नकार दिला. २००२ मध्ये सात न्यायाधीशांच्या पीठाने तीच भूमिका कायम केली. हा सर्व विचार आरोपीच्या बाजूने झाला होता. निकालाची वाट पाहणाऱ्या तक्रारदार स्त्रीचा प्रश्न त्यात गौणच राहिला.

वैवाहिक खटल्यांतील विलंबास काही खास कारणे आहेत. पती, सासू-सासरे, दीर, नणंदा असे अनेक आरोपी निरनिराळ्या गावी राहतात; समन्स, जामीन व हजेरीतून सूट यांतच बऱ्याच तारखा जातात. शिवाय १९८४ च्या अधिनियमान्वये स्थापन झालेल्या कुटुंब न्यायालयांकडे घटस्फोट व पोटगीची प्रकरणे आली, परंतु छळाचा खटला दंडाधिकाऱ्याकडेच राहिला. परिणामी एकाच घरातील कलह दोन-तीन न्यायालयांत विभागला गेला. २००५ च्या घरगुती हिंसाचारविषयक अधिनियमाने पहिल्या सुनावणीपासून साठ दिवसांत अर्ज निकालात काढण्याचा प्रयत्न करावा असे सांगितले. तो उपाय मुख्यतः संरक्षण, निवास व आर्थिक साहाय्य यांपुरता होता.

खरी गती आली ती वेगळ्याच मार्गाने. बी. एस. जोशी प्रकरणात (२००३) पतिपत्नींनी समेट केला असल्यास उच्च न्यायालय कलम ४८२ खालील अंगभूत अधिकारात खटला रद्द करू शकते, असा निर्णय झाला व २०१२ मध्ये ग्यानसिंग प्रकरणात तीन न्यायाधीशांच्या पीठाने त्यास दुजोरा दिला. आंध्र प्रदेशाने तर २००३ मध्येच राज्यापुरती दुरुस्ती करून न्यायालयाच्या परवानगीने तडजोडीस मुभा दिली होती. या मार्गाने खटले लवकर संपू लागले, पण आरोप खरे की खोटे हे अनिर्णीत राहू लागले. पोटगीची एकरकमी रक्कम आणि तक्रार मागे घेणे यांचा सौदा त्यामुळे रूढ झाला. ज्या स्त्रीला निकालच हवा होता आणि ज्या आरोपीला निर्दोषत्व सिद्ध करावयाचे होते, त्या दोघांनाही या गतीचा लाभ झाला नाही.

तक्रारींच्या छाननीसाठी कुटुंब कल्याण समित्या नेमण्याचा २०१७ चा निर्देश सर्वोच्च न्यायालयानेच २०१८ मध्ये मागे घेतला. उच्च न्यायालयाकडून खालच्या न्यायालयास मुदत घालून घेणे हा पक्षकारांचा नेहमीचा उपाय होता. फेब्रुवारी २०२४ मध्ये पाच न्यायाधीशांच्या पीठाने असे मुदतबद्ध आदेश अपवादात्मक परिस्थितीतच द्यावेत असे ठरविले. वरपर्यंत जाण्याची ऐपत असलेल्याचे प्रकरण पुढे सरकते व इतरांचे मागे पडते, हा त्यामागील विचार वस्तुस्थितीला धरून होता. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या संहितांत तहकुबींवर दोनची मर्यादा आली. छळाचा गुन्हा मात्र कलम ८५ म्हणून तसाच, तडजोडीस अपात्र राहिला. समेट झालेल्या दांपत्यालाही खटला संपविण्यासाठी उच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागते.