ठरावाला विरोध, तरीही रणांगणावर: जॉन डिकिन्सन

१/५
डिसेंबर १७६७. फिलाडेल्फियाच्या एका वृत्तपत्रात ‘पेनसिल्व्हेनियातील एक शेतकरी’ या नावाने पत्रे प्रसिद्ध होऊ लागली. लेखक होते नामवंत वकील जॉन डिकिन्सन.

२/५
निमित्त टाउनशेंड कायद्यांचे. ब्रिटिश संसदेने काच, कागद, रंग, चहा यांवर जकात बसवली होती. डिकिन्सन यांचा युक्तिवाद नेमका होता: संसदेने व्यापाराचे नियमन अवश्य करावे; परंतु महसुलासाठी लावलेली जकात हा करच, आणि लोकांच्या संमतीवाचून कर घेता येत नाही. ही १२ पत्रे वसाहतींत सर्वत्र वाचली गेली.

३/५
१ जुलै १७७६ रोजी मात्र याच डिकिन्सन यांनी काँग्रेसमध्ये स्वातंत्र्याच्या ठरावाविरुद्ध भाषण केले. परकीय मित्र नाही, वसाहतींचा आपसांतील करार झालेला नाही. अशा वेळी घोषणा घाईची ठरेल, असे त्यांचे म्हणणे होते.

४/५
दुसऱ्या दिवशी ते मतदानापासून दूर राहिले. पेनसिल्व्हेनियाचे मत ठरावाच्या बाजूने पडले. स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर त्यांची सही नाही. तरीही त्याच महिन्यात ते आपली पलटण घेऊन ब्रिटिशांविरुद्ध न्यू जर्सीकडे निघाले.

५/५
राज्यसंघाच्या करारनाम्याचा जो मसुदा १२ जुलैला काँग्रेसपुढे आला, तोही त्यांच्याच हातचा. सभागृहात मत निर्भीडपणे मांडावे आणि निर्णय विरुद्ध गेला तरी त्याची जोखीम स्वतःच्या शिरावर घ्यावी, हा डिकिन्सन यांचा वारसा.