शेजार, शीव आणि भिंत

शेजाऱ्या-शेजाऱ्यांतील हद्दीचा तंटा आमच्या व्यवहारशास्त्रास नवा नाही. मनुस्मृतीतील अठरा व्यवहारपदांपैकी सीमाविवाद हे एक होय. शिवेवर वड-पिंपळ लावावेत, भूमीत राख, कोळसे, खापऱ्या पुरून ठेवाव्यात. तरीही वाद उपजल्यास भोवतालच्या गावकऱ्यांस पुसावे आणि तेही न मिळाल्यास गुराखी, पारधी, कोळी आदी वनचरांची साक्ष घ्यावी, असा तो दंडक आहे.

बोरीवलीस हा तंटा नगर आणि अरण्य या दोन शेजाऱ्यांत उभा राहिला. सुमारे १०४ चौरस किलोमीटरांच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानातील अतिक्रमणांविरुद्ध १९९५ साली मुंबई उच्च न्यायालयात अर्ज झाला. १९९७ साली न्यायालयाने अतिक्रमणे हटवून उद्यानाभोवती भिंत बांधण्याची आज्ञा केली. अरण्य वाचविण्यास काही कठोर उपाय अवश्य होता, हे आम्हांस मान्य आहे. परंतु त्याच अरण्यातील पाड्यांत वारली राहतात. जुन्या शास्त्राने ज्यांस शिवेचे साक्षी मानले असते, त्यांच्याच पुनर्वसनाचा प्रश्न या वादात न्यायासनापुढे आला. भिंत घालावी, पण तिची रेघ आखताना या साक्षीदारांचे म्हणणे आधी ऐकावे, एवढा जुना विवेक आम्हांस आजही ग्राह्य वाटतो.