फिरती ठरलेली, नाटक न ठरलेले

देवगडहून निपाणीकडे जाणारा रस्ता फोंडाघाटची बाजारपेठ ओलांडून सह्याद्री चढू लागतो. वर दाजीपूरचे जंगल, पुढे राधानगरी आणि मग कोल्हापूरचा मुलूख. रात्र जागवणाऱ्या आणि गावोगाव फिरणाऱ्या दोन नाट्यपरंपरा या डोंगराच्या दोन अंगांना वाढल्या. घाटावर तमाशा, तळकोकणात दशावतार. दोन्हींकडे मालक, कंपनी, वाद्ये आणि सामान घेऊन केलेली वणवण सारखीच. फरक पोटाच्या व्यवस्थेत आहे. तमाशाचे मोठे फड नारायणगावला राहुट्या ठोकतात, गावकरी तिथे येऊन सुपारी देतात. पुष्कळ फड कनात लावून तिकिटावरही खेळ करतात. घाटाखालचा दशावतार मात्र देवळाच्या आवारात, तिकिटाशिवाय होतो आणि बिदागी गाव देतो. प्रेक्षक इथे गिऱ्हाईक नसतो. दशावतारी कंपन्या इतकी वर्षे कशा टिकल्या, याचे उत्तर मला या व्यवस्थेत दिसते. त्यांची फिरती ठरलेली असते आणि नाटक ठरलेले नसते. बाकी सगळे, रसिकांचे वेड आणि आजचे ‘संयुक्त’ प्रयोगसुद्धा, यातूनच निघाले आहे.

आधी फिरतीचे पाहू. कार्तिकात जत्रा सुरू होतात. सोनुर्लीच्या माउलीची लोटांगणांची जत्रा त्रिपुरी पौर्णिमेच्या सुमाराची. तिथून गावागावांच्या देवस्थानांच्या तिथी एकामागून एक येत राहतात आणि उन्हाळ्यापर्यंत हंगाम चालतो. अमुक देवळाच्या जत्रेत अमुक कंपनीचाच दशावतार व्हायचा, असे मान ठिकठिकाणी परंपरेने चालत आले आहेत. वेंगुर्ल्याचे पार्सेकर, मोचेमाडचे मोचेमाडकर, खानोलीचे खानोलकर, कवठीचे चेंदवणकर, नेरूरचे कलेश्वर मंडळ अशी नावे घेतली की तळकोकणाचा नकाशाच उभा राहतो. फोंडाघाट ज्या कणकवली तालुक्यात येते, त्याच तालुक्यातल्या ओसरगावला वालावलकरांची कंपनी आहे. गाड्या नव्हत्या तेव्हा गणपती आणि पोशाखांचा पेटारा डोक्यावर घेऊन मंडळी रात्रीचा खेळ आटोपून दिवसा पुढच्या गावाची वाट धरत. नट बहुधा शेतकरी. पाऊस पडला की शेतात, पीक घरात आले की रंगात. उद्या कुठे उभे राहायचे याची विवंचना पंचांगाने मिटवलेली होती. नाव जुने असो वा नवे, एखादा चांगला नट सोडून गेलेला असो, जत्रा चुकत नव्हती. एका माणसाच्या जाण्याने कंपनी बसली नाही, त्याचे हे मोठे कारण आहे.

ही फिरती किती जुनी? आडिवऱ्याच्या श्यामजी नाईक काळे यांनी १७२८ च्या सुमारास कर्नाटकातून हा खेळ आणला, असे सांगितले जाते. पण दशावतारी खेळाचा उल्लेख समर्थांच्या दासबोधात आहे आणि तो सतराव्या शतकातला ग्रंथ. म्हणजे काळ्यांनी नव्याने काही आणले असेल, तरी खेळ मराठी मुलखाला त्याआधीच माहीत होता. १८४३ मध्ये सांगलीला विष्णुदास भाव्यांचे ‘सीतास्वयंवर’ झाले आणि तिथून मराठी रंगभूमीचा इतिहास मोजला जातो. भाव्यांसमोरचा नमुनाही कर्नाटक किनाऱ्याकडून आलेल्या भागवत मंडळींच्या खेळाचा होता. रंगभूमीचा इतिहास लिहिताना दशावताराला प्रस्तावनेत चार ओळी देऊन पुढे जाण्याची रीत मला म्हणूनच अन्यायाची वाटते.

नाटकाचे मात्र उलटे. सुरुवातीचा आड दशावतार ठरावीक: सूत्रधार, गणपती, ऋद्धिसिद्धी, सरस्वती, मग संकासुर. त्यानंतरचे आख्यान पुराणातले, पण हातात संहिता नाही. कथेचा सांगाडा आणि प्रवेशांचा क्रम रंगायला बसण्याआधी ठरतो. संवाद रंगमंचावर जन्मतात. राजपार्टी नटाने एखादा तात्त्विक प्रश्न टाकला की समोरच्या ऋषीला तिथल्या तिथे उत्तर द्यावे लागते आणि पायपेटी व मृदंगवाल्यांना त्या बोलण्याचा रोख ओळखून साथ धरावी लागते. कालचे आख्यान आज पुन्हा लावले तरी ते कालचे राहत नाही. म्हणूनच एकाच नटाला या जत्रेतून त्या जत्रेत पाठलाग करत ऐकणारा रसिक तयार झाला. अमेरिकेत १९६५ ते १९९५ या काळात ग्रेटफुल डेड या रॉक बँडने दोन हजारांहून अधिक कार्यक्रम केले. गाण्यांचा क्रम रोज बदलायचा, वादन तिथल्या तिथे फुलायचे आणि चाहते गावोगाव मागे फिरायचे. वेडाचे कारण दोन्हीकडे एकच: काल चुकलेले पुन्हा मिळत नाही. त्या बँडची फिरती मात्र तिकिटांवर आणि जेरी गार्सिया या एका वादकावर उभी होती. १९९५ मध्ये तो गेला आणि त्या नावाने चाललेली फिरती संपली. नेरूरच्या कलेश्वर मंडळात बाबी कलिंगणांनंतर सुधीर कलिंगण उभे राहिले. ‘लोकराजा’ म्हणून गाजलेले सुधीरही गेले, पण मंडळ त्यांचे नाव लावून जत्रा करतेच आहे.

यावर कुणी म्हणेल, लोक देवासाठी येतात, नटासाठी नव्हे. जत्रेतल्या गर्दीला रसिकता म्हणणे भाबडेपणाचे आहे. हा आक्षेप निम्मा खरा आहे. नवस, ओटी, पालखी यांशिवाय जत्रा नाही आणि पहाटे दहीकाल्याची हंडी फुटल्याशिवाय खेळ पुरा होत नाही. पण नुसती भक्तीच असती, तर पालखी देवळाभोवती फिरली की आवार रिकामे व्हायला हवे होते. घोंगडी पसरून माणसे बसतात ती मध्यरात्रीनंतरच्या आख्यानासाठी. आज कुणाचा राजा, कुणाचा स्त्रीपार्ट, याची चौकशी खाज्याच्या दुकानापाशीच झालेली असते. देव माणसांना आवारापर्यंत आणतो. पहाटेपर्यंत बसवून ठेवणे नटाच्या जिभेवर असते.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. वेगवेगळ्या कंपन्यांतले नामवंत नट एकत्र आणून केलेले संयुक्त दशावतार, धूर आणि दिव्यांची करामत दाखवणारे ट्रिकसीन, मुंबईच्या नाट्यगृहांतले तिकिटाचे प्रयोग, यांनी मूळ खेळ पोखरला असे जाणकार तळमळीने सांगतात. ट्रिकसीनबद्दल मी त्यांच्या बाजूचा आहे. दिवा नेमक्या क्षणी लागायचा तर संवादही नेमका हवा. म्हणजे न ठरलेले नाटक ठरत जाते आणि दशावताराचा जीव तर न ठरण्यातच आहे. संयुक्त प्रयोगांचे तसे नाही. एरवी एकमेकांसमोर कधीच न येणारे दोन नट तिथे भिडतात, दोघांनाही दुसऱ्याची वळणे ठाऊक नसतात, आणि जुगलबंदी खरीखुरी होते. नट त्यासाठी आपली कंपनी सोडत नाही. असे प्रयोग बहुतेक पावसाळ्यात, सभागृहांत होतात, म्हणजे पेटारे बंद असतात त्या महिन्यांत. कार्तिक उजाडला की तोच राजा आपल्या मालकाच्या गाडीत बसून मानाच्या जत्रेला जातो आणि आषाढात ज्याच्याशी वाद रंगवला तो दुसऱ्या गावच्या देवळात, दुसऱ्या कंपनीच्या बाकड्यावर बसलेला असतो.