खाचरांमधली वाट आणि वाट दाखवणाऱ्या बायका

ज्यांनी गुडघाभर चिखलात उभं राहून भाताची लावणी केली आहे, त्यांना आजचं बोलणं चटकन कळेल. ज्यांनी केली नाही, त्यांनी मधेच काही अडलं तर शेजारणीला विचारावं.

आज आपल्याला लांब जायचं आहे, व्हिएतनामच्या उत्तर टोकाला. २०२२ पासून मुंबईहून हनोईला थेट विमान जातं, त्यामुळे आपल्याकडचीही बरीच मंडळी तिकडे जाऊन येतात आणि हिरव्यागार पायऱ्यांच्या डोंगरांचे फोटो दाखवतात. ते डोंगर सा पा नावाच्या गावाभोवतीचे. (आपल्या सापाशी नावाचा काही संबंध नाही, घाबरू नका.) चीनची हद्द तिथून जवळ आहे आणि व्हिएतनाममधलं सगळ्यात उंच शिखर, तीन हजार एकशे चाळीस मीटरच्या वर उंचीचं फान्सिपान, समोरच दिसतं.

या गावात हॉटेलाहॉटेलात एका दिवसाच्या पायी सहलीच्या पाट्या असतात. वाटाड्या, दुपारचं जेवण आणि संध्याकाळी परत आणायला गाडी, सगळं धरून स्वस्तात. सकाळी निघायचं, मुओंग होआच्या खोऱ्यात उतरायचं, खाचरांच्या बांधावरून लाओ चाई आणि ता वान या गावांपर्यंत दहाबारा किलोमीटर चालायचं. वाट दाखवायला बहुतेक वेळा ह्मोंग समाजाची बाई असते. निळीने रंगवलेले कपडे, पाठीवर बांबूची टोपली आणि तोंडात फर्डं इंग्रजी. त्यांच्यातल्या कितीतरी जणी ते कुठल्याही शाळेत शिकलेल्या नाहीत.

ही सहल स्वस्त का पडते आणि शाळा न पाहिलेल्या बाईला इंग्रजी कुठून आलं, हे विचारायला गेलं की दोनशे वर्षांमागे जावं लागतं.

व्हिएतनाम सरकारच्या नोंदीत चोपन्न समाज आहेत. त्यातले किन्ह लोक मैदानातले, शंभरात पंच्याऐंशी तेच. राहिलेल्या पंधरामध्ये बाकी सगळे. ह्मोंगांची संख्या २०१९ च्या जनगणनेत चौदा लाखांच्या आसपास होती. हे लोक मूळचे दक्षिण चीनचे. तिथे मांचू बादशहांच्या राजवटीत जमिनी गेल्या, करांचा बोजा वाढला, बंडं झाली. ग्वेझोउ प्रांतातलं मोठं बंड १८५४ ते १८७३ असं जवळजवळ वीस वर्षं चाललं आणि शेवटी मोडून काढलं गेलं. त्याच्या आधीपासूनच माणसं दक्षिणेकडे सरकत होती, नंतरही सरकत राहिली. ती व्हिएतनामच्या डोंगरात पोचली तेव्हा खोऱ्याच्या तळाची, पाण्याजवळची सपाट जमीन ताय आणि झाय लोकांनी आधीच धरलेली होती. मग ह्मोंग आणि लाल मुंडाशाचे झाओ वरच्या उतारांवर राहिले. आज ज्याला पर्यटक सुंदर देखावा म्हणतात, ती उशिरा आलेल्यांच्या वाट्याला आलेली जमीन आहे.

उतारावर भात पिकवायचा तर आधी उतार मोडावा लागतो, हे मावळातल्या आणि कोकणातल्या बायकांना सांगायला नको. वरची माती कापून खाली ओढायची, पुढच्या कडेला बांध घालायचा, दगडमाती पायाने तुडवून घट्ट करायची. खाचराचा तळ इतका सपाट लागतो की पाणी एका कोपऱ्यात साचता कामा नये. कुठे खाचर आपल्या अंगणाएवढं, कुठे दोन म्हशी वळणार नाहीत इतकं अरुंद. पाणी वरच्या जंगलातल्या झऱ्यांचं. ते पाटाने आणायचं, मधे घळ आली तर बांबूच्या पन्हळीतून पलीकडे न्यायचं आणि मग वरच्या खाचरातून खालच्यात सोडत सोडत थेट नदीपर्यंत. म्हणजे वरच्या घराने पाणी अडवलं की खालच्या दहा घरांचं भात वाळलं. वरचं जंगल तोडलं तर सगळ्यांचंच. त्यामुळे कोणी कधी पाणी फोडायचं हे गावात ठरवून चालतं. एखादा बांध पावसात फुटला तर तो लगेच बांधावा लागतो, नाहीतर त्याखालचेही जातात. एका पिढीने खणलं आणि पुढच्या बसून खाल्ल्या असं हे काम नाही.

थंडीमुळे सा पाच्या उंच भागात वर्षाला भाताचं एकच पीक येतं. मे-जूनमध्ये लावणी, सप्टेंबरच्या आसपास कापणी. नांगर पुरुषांच्या हाती, लावणी बायकांच्या. तेही आपल्यासारखंच. लावणी उरकली की बायका कापडाच्या मागे. भांगेच्या झाडाच्या सालीचा धागा काढून, विणून, त्यावर मेणाने नक्षी काढून ते नीळीत बुडवायचं. मेण असेल तिथे रंग चढत नाही. पुन्हापुन्हा बुडवून तो निळा जवळजवळ काळा होतो. म्हणून या भागातल्या ह्मोंगांना 'काळे ह्मोंग' असं नाव पडलं. नीळ हाताळणाऱ्या बाईच्या बोटांचा रंग जाता जात नाही.

आता फ्रेंच. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्यांचं सैन्य इथे आलं. १९०६ मध्ये हनोईहून लाओ काईपर्यंत रेल्वे झाली आणि उकाड्याने हैराण झालेल्या साहेबांना थंड हवेचं ठिकाण हाताशी आलं. आपल्याकडे इंग्रजांनी महाबळेश्वर-माथेरान वसवलं, तोच प्रकार. आधी आजारी सैनिकांसाठी आरोग्यधाम, मग बंगले, हॉटेलं, दगडी चर्च. १९२५ मध्ये व्हिक्टर गोलुब्यू या संशोधकाने खोऱ्यातल्या कोरीव दगडांची नोंद केली. त्या दगडांवर माणसं, घरं, रेघा आणि कोणी म्हणतात खाचरंसुद्धा कोरलेली आहेत. साहेबांनी दगड पाहिले, डोंगर पाहिले. डोंगरातल्या लोकांकडून त्यांना मुख्यतः एक वस्तू हवी होती, आणि ती म्हणजे अफू. वसाहतीच्या सरकारने अफूची मक्तेदारी आपल्याकडे ठेवली होती. दुसऱ्या महायुद्धात बाहेरची अफू बंद झाली तेव्हा ह्मोंगांना लागवड वाढवायला लावली. भात पोटासाठी आणि अफू रोकड्यासाठी, अशी विभागणी घराघरात होऊन गेली.

पुढच्या लढायांबद्दल थोडक्यातच सांगतो. फ्रेंच गेले, बंगले पडले. १९७९ च्या फेब्रुवारीत चीनचं सैन्य हद्द ओलांडून आलं तेव्हा उरलंसुरलं गावही उद्ध्वस्त झालं. मधल्या काळात मैदानातले किन्ह लोक सरकारी योजनेतून इथे येऊन वसले आणि दुकानं, कचेऱ्या त्यांच्या हाती आल्या.

१९९० नंतरच्या चार-पाच वर्षांत दोन गोष्टी लागोपाठ झाल्या. सरकारने अफूची लागवड बंद पाडली आणि परदेशी पाहुण्यांना सा पाला जायला परवानगी मिळाली. घरातला रोकडा एका दाराने गेला आणि दुसऱ्या दारात पाठपिशव्या लावलेले गोरे लोक उभे राहिले. पुरुषांनी जंगलाच्या सावलीत मसाल्याची मोठी वेलची लावायला घेतली. आपण गोड्या मसाल्यात जी मोठी वेलची घालतो, तिचीच ही नात्यातली. बायकांनी काय केलं? त्यांनी घरातले जुने, झिजलेले, निळीचे कपडे बाजारात आणले. पाहुण्यांना ते हवे होते. जुन्या झग्यांच्या नक्षीदार बाह्या आणि कॉलर कापून त्यांच्या पिशव्या, उशांचे अभ्रे होऊ लागले. आजीच्या हातचं कापड असं विकलं गेलं. त्याचं वाईट वाटतं, पण अफू गेल्यावर मिठाला आणि औषधाला पैसे दुसरीकडून येणारही नव्हते.

त्यांच्या मागे मुली आल्या. दहाबारा वर्षांच्या पोरी रस्त्यावर बांगड्या-पिशव्या विकता विकता इंग्रजी शिकल्या, फ्रेंच शिकल्या. विशेष म्हणजे काहींना देशाची भाषा व्हिएतनामी धड येत नव्हती, पण ऑस्ट्रेलियातल्या बाईशी त्या थट्टामस्करी करत. विकताना बोलता येतं, मग वाटही दाखवता येते. अशी ही वाटाडी तयार झाली. आम्हाला यात फार कौतुकाने भारावून जावंसं वाटत नाही, कारण त्या वयात त्यांच्या हातात पाटी हवी होती. शिवाय रीतसर गाइड व्हायचं तर परवाना लागतो आणि लिहिता-वाचता न येणाऱ्या बाईला तो मिळवणं अवघड. हे अंगावर सोसलेल्यांपैकीच एक ह्मोंग तरुणी, तान थी शू, हिने 'सापा ओ चाउ' ही संस्था काढली. लहानपणी ती स्वतः रस्त्यावर वस्तू विकायची. सहलींच्या कमाईवर डोंगरातल्या मुलांना शिकवणं हे त्या संस्थेचं काम. ओ चाउ म्हणजे त्यांच्या भाषेत 'आभार'.

आता स्वस्ताईकडे येऊ. सा पातली हॉटेलं, गाड्या, सहलींच्या कचेऱ्या बहुतेक बाहेरच्यांच्या. पाहुणा पैसे तिथे देतो. त्यातून हॉटेलचं कमिशन, गाडी, जेवण निघतं. उरलेल्यातून वाटाड्या बाईची मजुरी. स्वस्त सहल आणखी स्वस्त करायची तर कापायला जागा तेवढीच असते. शिवाय गावातल्या आणखी दोनतीन बायका, कुणी पाठीशी बाळ बांधलेल्या, बिनमजुरीच्या बरोबर चालतात. निसरड्या बांधावर पाहुणीचा हात धरतात, गवताचे घोडे करून देतात आणि जेवणाच्या ठिकाणी टोपली उघडतात. पाहुण्यांना मग हे 'मागे लागणं' वाटतं. आम्ही म्हणू, तीन तास हात धरल्यावर एक पिशवी दाखवणं म्हणजे मागे लागणं नव्हे.

आणि ही बाई शेत सोडून वाट दाखवायला का येते? १९९० च्या दशकाच्या शेवटापासून सरकारने संकरित भाताचं बियाणं आणलं. दाणा जास्त येतो, पण बियाणं घरचं धरता येत नाही, दरवर्षी विकत आणायचं आणि वर खत. पूर्वी भाताला रोकडा लागत नसे, आता लागतो. म्हणजे पाहुण्यांना खाचरं दाखवून मिळालेला पैसा खाचरातच जातो. चवीसाठी आणि देवकार्यासाठी जुन्या वाणाचा तुकडा बऱ्याच घरांनी राखलेला आहे, ते वेगळं. म्हैस गेली तर संपलंच. २००८ च्या सुरुवातीच्या थंडीत उत्तर व्हिएतनाममध्ये हजारो जनावरं दगावली होती.

जमीन कोणाच्या नावावर, हे विचारल्याशिवाय आपल्या बायकांचं समाधान होणार नाही. सामुदायिक शेती मोडल्यावर कुटुंबांना जमिनीचे कागद मिळाले, त्यात एकाच नावाची जागा होती आणि ते नाव बहुधा नवऱ्याचं. २००३ च्या जमीन कायद्याने नवरा-बायको दोघांची नावं घालणं सक्तीचं केलं. कागदावर. ह्मोंगांत वारसा मुलांकडे जातो, त्यामुळे मुलगी ज्या बांधावर लहानाची मोठी झाली तो तिचा होत नाही. सातबाऱ्याचं दुखणं आपल्याला काय नवं?

२०१४ मध्ये हनोईहून महामार्ग झाला, २०१६ मध्ये फान्सिपानच्या माथ्यापर्यंत सहा किलोमीटरहून लांब दोरवाट झाली. पाहुणे लाखांनी वाढले. मग २०२० च्या मार्चमध्ये परदेशी पाहुण्यांना सीमा बंद झाल्या, त्या १५ मार्च २०२२ ला पूर्ण उघडल्या. मधल्या दोन वर्षांत मैदानातून आलेले हॉटेलवाले घरी परतले. ह्मोंग बायका खाचरांत परतल्या. ज्यांनी जमीन हॉटेलासाठी दिली नव्हती त्यांच्या घरात भात होता.

तुमच्यापैकी कोणाची मुलं-सुना जाणार असतील तर त्यांना सांगा, सहल ठरवताना वाटाड्या बाईला यातले किती मिळणार ते सरळ विचारायचं, आणि शक्य तर तिच्याशीच ठरवायचं. मे-जूनमध्ये गेलं तर खाचरांत पाणी चमकत असतं आणि लावणी चालू असते. सप्टेंबरात सगळं पिवळं. कापणीनंतर मार्चपर्यंत नुसता चिखल, धुकं आणि फुटलेले बांध नीट करणारी माणसं. तेव्हा फोटो काढायला फारसं कोणी जात नाही.