आडव्या इंजिनाची कुळकथा

जुन्या फियाटमध्ये मागच्या सीटवर मधे बसून ज्याने नगर ते पुणे प्रवास केला आहे, त्याला त्या गाडीतला उंचवटा विसरता येणार नाही. गाडीच्या मधोमध पुढून मागे गेलेला पत्र्याचा बांध. एक पाय त्याच्या अलीकडे, दुसरा पलीकडे, आणि शिरूर येईस्तोवर गुडघे आखडलेले. घरात मी सगळ्यांत धाकटा, म्हणून ती जागा ठरलेली माझी. त्या बांधाखालून काय जातं हे मात्र कितीतरी वर्षांनी कळलं, जेव्हा एका गॅरेजात खड्ड्यावर उभ्या केलेल्या गाडीखाली मिस्त्रींनी मला उतरवलं आणि बॅटरीच्या उजेडात वर बोट दाखवलं. चांगला जाड लोखंडी दांडा होता. इंजिन पुढे, ओढ मागच्या चाकांना, आणि मधलं सगळं अंतर या प्रॉपेलर शाफ्टने कापायचं. माणसांच्या पायांची जागा तो दांडा खात होता.

पुढे मारुती आठशे आली. फियाटपेक्षा लहान गाडी, तरी मधल्या माणसाचे पाय बऱ्यापैकी सरळ राहू लागले. बॉनेट उघडल्यावर मात्र उलटा प्रकार. फियाटच्या बॉनेटखाली वाकून पाहिलं तर इंजिनाच्या दोन्ही बाजूंनी खालची जमीन दिसायची. नव्या गाडीत बोट घालायला जागा नाही. आज लहान गाडी वापरणारे बहुतेक लोक ही गिचमीड बघून बॉनेट परत लावून टाकतात. मला वाटतं, या दाटीची वंशावळ एकदा कळली की भीती राहत नाही. यातली प्रत्येक वस्तू जिथे आहे तिथे का बसली, याला कारण आहे, आणि त्या कारणाला बहुतेक वेळा साल आणि माणसाचं नावही आहे.

कार्ल बेंझने १८८६ साली पेटंट घेतलेल्या तीनचाकी गाडीत इंजिन मागे होतं. ते पुढे आणलं फ्रान्समधल्या एमिल लव्हासोरने, पानार-लव्हासोर कंपनीत, १८९१ साली. पुढे इंजिन, त्यामागे क्लच, मग गिअरबॉक्स आणि ओढ मागच्या चाकांना, अशी ती रांग. ही मांडणी इतकी रुळली की पुढची कित्येक दशकं मोटार म्हणजे हीच, असं जगाने धरून ठेवलं. आपली ॲम्बेसेडर त्याच घराण्यातली, आपली फियाटही. या गाड्यांत इंजिन गाडीच्या लांबीत बसवलेलं असे, म्हणून त्याच्या क्रँकशाफ्टचं टोक थेट समोर येई. ॲम्बेसेडरला पुढून हँडल मारता यायचं ते त्यामुळे. आडव्या, म्हणजे गाडीच्या रुंदीत बसवलेल्या इंजिनात ते टोक बाजूच्या चाकाकडे तोंड करून असतं. समोरून हँडल घालायला तिथे वाटच उरत नाही.

इंजिन एका टोकाला आणि ओढ दुसऱ्या टोकाला असली की काय होतं, हे नगरकरांना डोळ्यांनी बघता येतं. आर्मर्ड कोअर सेंटर अँड स्कूलच्या देखरेखीखालचं १९९४ साली उघडलेलं रणगाडा संग्रहालय आपल्याच शहरात आहे. तिथल्या जपानी हा-गो रणगाड्याचा पट्टा ओढणारं दातेरी चाक पुढे आहे, इंजिन मागे. म्हणजे शाफ्ट लढणाऱ्या माणसांच्या पायाखालून गेला. ब्रिटिश सेंच्युरियनचं दातेरी चाक मागे, इंजिनाच्या शेजारीच. इंजिन, गिअरबॉक्स आणि ओढ एकाच टोकाला आणली की माणसांची जागा मोकळी होते. फियाटमधल्या माझ्या गुडघ्यांचा प्रश्न आणि त्या सैनिकांचा प्रश्न मुळात एकच होता. पुढच्या वेळी पोरांना घेऊन गेलात तर तोफांइतकंच या दातेरी चाकांकडेही बघा.

मोटारीत सगळं पुढे आणायचं तर एक मोठी अडचण होती. पुढची चाकं वळतात. फिरणाऱ्या आणि त्याच वेळी वळणाऱ्या चाकाला ओढ द्यायची कशी? गॅरेजात ज्याला 'क्रॉस' म्हणतात तो जुना सांधा थोड्या कोनात ठीक चालतो. कोन वाढला की प्रत्येक फेरीत त्याची गती कमीजास्त होते आणि स्टीअरिंगला हिसके बसतात. अमेरिकेत फोर्डकडे काम करणाऱ्या आल्फ्रेड झेप्पाने १९२० च्या दशकात सहा पोलादी गोळ्यांचा सांधा तयार केला. कोन बदलत राहिला तरी तो चाकाला एकसारखी गती देतो. आपण ज्याला सीव्ही जॉइंट म्हणतो तो हाच. आडव्या इंजिनाच्या छोट्या गाडीत कौतुक कोणाचं करायचं असेल तर मी आधी या सांध्याचं करीन. इंजिन कोणालाही फिरवून बसवता आलं असतं, पण या सांध्यावाचून ती गाडी सुखाने चालवता आली नसती.

पुस्तकात आडव्या इंजिनाची गोष्ट बहुधा इंग्लंडच्या मिनी या छोट्या गाडीपासून सुरू होते. आपल्या मारुतीचं रक्त मात्र त्याहून जुन्या शाखेतून येतं. जर्मनीत डीकेडब्ल्यू कंपनीने १९३१ साली एफ-१ नावाची स्वस्त गाडी काढली. दोन सिलिंडरचं टू-स्ट्रोक इंजिन, आडवं बसवलेलं, ओढ पुढच्या चाकांना. युद्धानंतर ब्रेमेनच्या लॉइड कंपनीने तसलीच छोटी गाडी केली. तिच्यावरून धडा घेऊन जपानच्या सुझुकीने १९५५ साली सुझुलाइट बाजारात आणली. ३६० सीसीच्या आतलं टू-स्ट्रोक इंजिन, तेही आडवं, तेही पुढे. तेव्हा मिनी यायला चार वर्षं बाकी होती. गुडगावात १४ डिसेंबर १९८३ रोजी सुझुकीच्याच घडणीच्या पहिल्या मारुतीची किल्ली दिली गेली, ती या घराण्याच्या कित्येक पिढ्यांनंतरच्या वारसाची होती.

तरीही मिनीला वगळून चालणार नाही. १९५६ च्या सुएझ पेचानंतर इंग्लंडमध्ये पेट्रोलचं रेशनिंग आलं आणि बीएमसी कंपनीने स्मर्नात जन्मलेल्या ॲलेक इसिगोनिसला खरीखुरी छोटी गाडी करायला सांगितलं. ज्या बीएमसीचं इंजिन आपल्या ॲम्बेसेडरमध्ये लांबीत बसलं, तीच ही कंपनी. इसिगोनिसने दहा फुटांची गाडी आखली आणि त्यातली सुमारे ऐंशी टक्के जागा माणसांना आणि सामानाला दिली. डीकेडब्ल्यूची दोन सिलिंडरची इंजिनं आखूड होती, आडवी सहज मावली. इथे चार सिलिंडर मावायचे होते. मग गिअरबॉक्स ठेवायचा कुठे? त्याने तो इंजिनाच्या पोटात, ऑइलच्या टाकीतच बसवला. इंजिन आणि गिअर दोघांना एकच ऑइल. रेडिएटर समोर न ठेवता एका बाजूला चाकाच्या कमानीशी नेला. २६ ऑगस्ट १९५९ रोजी ८४८ सीसीची ही गाडी लोकांपुढे आली.

तिची खोड पावसात दिसली. सुरुवातीच्या नमुन्यात कार्बोरेटर पुढे होता आणि थंडीत तो गोठायचा, म्हणून इंजिन अर्धा फेर फिरवून बसवलं होतं. त्यामुळे ठिणगी वाटणारा डिस्ट्रिब्युटर जाळीच्या मागे, नेमका पावसाच्या तोंडावर आला. पाऊस लागला की गाडी बंद. बॉनेटखाली एक वस्तू हलवली की तिच्या जागी दुसऱ्या कोणाला उभं राहावं लागतं, आणि त्या दुसऱ्याचं काय होईल याचा विचार आधी करावा लागतो.

तो विचार पुरा केला तो इटलीतल्या दान्ते जाकोसाने. हे नाव मराठी माणसाला माहीत असायला हवं, कारण आपली फियाट त्याचीच. कुर्ल्याच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्समध्ये बनणाऱ्या पद्मिनीत १०८९ सीसीचं जे इंजिन लांबीत बसलेलं असे, त्याचं मूळ १९३७ च्या फियाटमध्ये आहे आणि ते जाकोसाने आखलेलं. माझ्या पायांमधला तो बांध ज्याच्या गाडीचा होता, त्यानेच पुढे बांध काढायची खरी रीत जगाला दिली, हे कळलं त्या दिवशी मला फार बरं वाटलं होतं.

जाकोसाने इंजिन आडवंच ठेवलं, पण गिअरबॉक्स पोटात न घालता इंजिनाच्या एका टोकाला जोडला. दोघांचं ऑइल वेगळं झालं. गिअरबॉक्सचं काम करायला सगळं इंजिन बाहेर काढायची गरज संपली. याची किंमत अशी की गिअरबॉक्स एका बाजूला आल्यामुळे चाकांकडे जाणारे दोन ॲक्सल सारख्या लांबीचे राहिले नाहीत. जोरात ॲक्सिलरेटर दाबल्यावर काही गाड्या किंचित एका बाजूला ओढतात, त्यामागे बहुधा ही असमान लांबी असते. रेडिएटर त्याने पुन्हा समोर आणला. आडव्या इंजिनाचा पट्टा समोरचा पंखा फिरवू शकत नाही, म्हणून पंख्याला विजेची मोटर दिली आणि पाणी तापलं की तो आपोआप सुरू होईल अशी सोय केली. हे धाडस आधी फियाटच्या नावावर नको म्हणून १९६४ साली आउटोबियांकी प्रिमुला या गाडीत करून पाहिलं, आणि १९६९ साली फियाट १२८ मध्ये ते पक्कं झालं. आज रस्त्यावरच्या जवळपास सगळ्या लहान गाड्या ही मांडणी वापरतात. पुण्यात घडलेली टाटांची इंडिकाही त्यातलीच. १९९८ च्या डिसेंबरात ती पुढे आली तेव्हा बाहेरून झेनएवढी आणि आत ॲम्बेसेडरएवढी जागा असलेली गाडी करायची, असा तिच्यामागचा हेतू होता. इंजिन लांबीत ठेवून तो साधलाच नसता. टाटांनीच २००९ मध्ये रस्त्यावर आणलेली नॅनो मात्र बेंझच्या वाटेने गेली. तिचं ६२४ सीसीचं इंजिन मागे होतं, आणि पुढच्या बॉनेटखाली स्टेपनी.

आता नगरचा धागा. पुढच्या चाकांना ओढ देणारी गाडी मराठी मुलखात मारुतीने पहिल्यांदा आणली असं आपण समजतो. तसं नाही. नगरच्या फिरोदिया घराण्यातले नवलमल फिरोदिया यांनी १९५८ साली बजाज टेम्पो कंपनी उभी केली. हांबुर्गच्या विडाल अँड सोन कंपनीच्या 'टेम्पो' गाड्या इथे बनवण्यासाठीच ती होती. लांब नाकाचा तीनचाकी हॅन्सिट ज्यांना आठवतो त्यांना हेही आठवेल की त्याचं इंजिन पुढच्या चाकावरच बसलेलं असे आणि साखळीने तेच चाक ओढत असे. १९६९ पासून आलेली मॅटाडोरही पुढच्याच चाकांनी ओढणारी. म्हणून तिच्या मागच्या भागात शाफ्ट नव्हता, फळी खाली ठेवता येत होती आणि कांद्याची पोती चढवायला सोपं जात होतं. हांबुर्गच्या त्या कारखान्याचं नाव आपल्या भाषेत इतकं मिसळलं की आज कुठल्याही कंपनीची मालवाहू गाडी आपल्याला टेम्पोच असते. घर बदलताना 'टेम्पो सांगितलाय' म्हणणारा माणूस एका जर्मन कंपनीचं नाव घेत असतो.

गाड्यांशी नगरचं दुसरं नातं वाहननगरमधलं. फाळणीच्या वेळी, १९४७ साली, रावळपिंडीजवळच्या चकलाल्याहून लष्करी वाहनांची संशोधन संस्था इथे आली. आज ती व्हीआरडीई म्हणून ओळखली जाते. नव्या गाड्यांना बाजारात येण्याआधी ज्या संस्थांकडून कायद्याने चाचणी करून घ्यावी लागते, त्यांत हिचं नाव आहे.

एवढं कळल्यावर कुठल्याही छोट्या गाडीचं बॉनेट उघडा. समोर रेडिएटर आणि त्याला चिकटलेला पंखा हे जाकोसाचं देणं. किल्ली काढल्यावरही तो पंखा अचानक फिरू शकतो, म्हणून तिथे हात घालू नका. मधे आडवं इंजिन. एका टोकाला पट्टे आणि अल्टरनेटर, दुसऱ्या टोकाला गिअरबॉक्स. गिअरबॉक्स इंजिनापेक्षा बुटका, म्हणून त्याच्यावर जी जागा उरते तिथे अनेक गाड्यांत बॅटरी बसते. फियाट १२८ मध्ये तर स्टेपनीसुद्धा बॉनेटखालीच मावली होती. ब्रेक ऑइलचा डबा बहुधा ड्रायव्हरच्या समोरच्या पत्र्याला लागलेला दिसेल, कारण पायाखालचा ब्रेक सरळ त्याच्याखालच्या सिलिंडरला ढकलतो. इंजिन चालू असताना कोणाला तरी ॲक्सिलरेटर दाबायला सांगा. लांबीत बसलेलं इंजिन डावीउजवीकडे हलायचं, हे पुढेमागे डोलेल. ते डोलणं आवरायला रबरी माउंटिंग असतं. ते तुटलं की गिअर टाकताना गाडी थरथरते, आणि पुष्कळ लोक उगाच क्लचला दोष देतात.

शेवटी खाली वाका आणि पुढची दोन्ही चाकं बघा. चाकाच्या आतल्या बाजूला घड्या असलेली काळी रबरी टोपी दिसेल, गॅरेजात तिला बूट म्हणतात. झेप्पाच्या सहा गोळ्या तिच्या आत ग्रीसमध्ये बुडालेल्या असतात. मुरमाच्या रस्त्यावर दगड लागून ती फाटते, ग्रीस उडून जातं, माती आत शिरते, आणि मग वळताना चाकातून कट-कट आवाज येऊ लागतो. आवाज आला की सांधा बहुधा हातचा गेलेला असतो. नुसता बूट वेळेवर बदलला तर काम थोडक्यात होतं. यंदाचा पाऊस सुरू होण्याआधी तुमच्या गाडीच्या दोन्ही ॲक्सलच्या दोन्ही टोकांचे मिळून चारही बूट एकदा तपासून घ्या.