दिल्ली दरबाराचा उरलेला तुकडा

१२ डिसेंबर १९११ रोजी दिल्लीत, आजच्या कॉरोनेशन पार्कच्या जागी, पंचम जॉर्जला संस्थानिक एकेक करून मानवंदना देत होते. साध्या पांढऱ्या पोशाखात, हाती छडी घेऊन बडोद्याचे सयाजीराव गायकवाड पुढे आले, एकदा झुकले आणि पाठ फिरवून परतले. मागे वळून न चालता पावले मागे टाकत निघावे, हा दरबाराचा रिवाज होता. इंग्रजी वृत्तपत्रांनी याला राजाचा अवमान ठरवले, तर आपण त्यात बाणेदारपणा पाहतो. दोन्हीकडे हेतू आधीच ठरला आहे. त्या दिवशीचे चित्रीकरण मात्र निराळे काही सांगते.

चित्रपट-निर्माते चार्ल्स अर्बन यांचा दरबारावरचा भव्य किनेमाकलर रंगपट फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनच्या स्काला थिएटरात लागला. त्याचा काही भाग २००० साली रशियात क्रास्नोगोर्स्क येथे सापडला. त्यात लष्करी संचलन आहे, मानवंदना नाही. मानवंदनेचा प्रसंग कृष्णधवल बातमीपटाच्या तुकड्यात टिकला. तो तपासणाऱ्यांना आढळले की सयाजीराव चुकले खरे, पण इतर बहुतेक राजांनीही रिवाज काटेकोर पाळला नव्हता. म्हणजे चूक अनेकांची होती आणि बोभाटा एकाचाच झाला. त्याचे कारण फिल्मच्या बाहेर शोधावे लागते. पुढे क्रांतिकारक ठरलेल्या अरविंद घोषांना १९०६ पर्यंत नोकरीत ठेवणाऱ्या या राजावर सरकारची आधीपासूनच वक्रदृष्टी होती.

यावर कोणी म्हणेल, मग अवमान मुद्दामच केला असणार. पण सयाजीरावांनी व्हाइसरॉय हार्डिंगना लिहिलेल्या पत्रात गोंधळल्याचे कारण देऊन दिलगिरी व्यक्त केली होती. ते पत्र दबावाखाली लिहिले असेल, हा आक्षेप रास्त आहे. म्हणून त्यावरूनही हेतू सिद्ध होत नाही. कॅमेरा पाठ दाखवतो, मन दाखवत नाही. तरीही हा तुकडा मोलाचा आहे, कारण सर्वांची तुलना त्यातूनच शक्य होते आणि एकट्या सयाजीरावांवरचा ठपका पक्षपाती ठरतो.

सयाजीरावांचे मोठेपण या काही क्षणांवर उभे करायची गरजच नाही. १९०६ मध्ये त्यांनी बडोदा संस्थानात प्राथमिक शिक्षण सक्तीचे आणि मोफत केले. साम्राज्याला त्यांनी दिलेले खरे उत्तर ते होते.