थिबा राजवाडा कुणाच्या नावे होता?

आपल्या मालगुंडात पाहुणा आला की आपण त्याला दोन ठिकाणी नेतो. शेजारच्या गणपतीपुळ्याला देवदर्शनाला, आणि इथल्या इथे केशवसुतांच्या घरी. केशवसुत १८६६ साली इथे जन्मले. त्यांचं स्मारक कोकण मराठी साहित्य परिषदेने उभं केलं, १९९४ साली कुसुमाग्रजांच्या हस्ते त्याचं उद्घाटन झालं, हे आपल्या शाळेतल्या पोरांनाही पाठ आहे. पण पाहुणा एक दिवस जास्त राहिला, की त्याला आरे-वारेच्या रस्त्याने रत्नागिरीला घेऊन जातात, आणि तिथे तो बघतो थिबा राजाचा राजवाडा. आजचं बोलणं त्या घराबद्दल आहे.

गेल्या वर्षी आमच्या तीन गटांतल्या बायका मिळून आम्ही तो बघायला गेलो होतो. जांभ्या दगडाचं तीन मजली घर, वर उतरती कौलं, लाकडात कोरलेल्या अर्धगोल खिडक्या, आत संगमरवरी फरशीचा दिवाणखाना, मागच्या बाजूला बुद्धाची मूर्ती. एक वहिनी खिडक्या मोजता मोजता म्हणाल्या, "बाई गं, एवढं झाडायचं कुणी?" सगळ्या हसल्या. पण प्रश्न बरोबर होता. या घरात राहिलं कोण, राबलं कोण आणि शेवटी घर राहिलं कुणाकडे, हे तिथल्या पाटीवर वाचून कळत नाही.

थिबा हा ब्रह्मदेशाचा, म्हणजे आजच्या म्यानमारचा, शेवटचा राजा. त्याची राजधानी मंडाले. १८८५ च्या नोव्हेंबरमध्ये इंग्रजांनी लढाई सुरू केली आणि दोन-तीन आठवड्यांत ती संपली. राजाचं वय तेव्हा सव्वीस. त्याला, थोरली राणी सुपयालत आणि धाकटी राणी सुपयागले यांना बोटीत बसवून आधी रंगूनला आणि मग मद्रासला नेलं. सुपयालत तेव्हा पोटुशी होती, पदरात दोन लहान मुली. मद्रासला तिसरी मुलगी झाली, आणि १८८६ च्या एप्रिलमध्ये त्या ओल्या बाळंतिणीला पुन्हा बोटीत घालून रत्नागिरीला आणलं. चौथी मुलगी वर्षभराने रत्नागिरीतच जन्मली.

रत्नागिरीच का? कारण आपण कोपऱ्यात होतो. रेल्वे नव्हती, ती कोकणात यायला पुढे शंभर वर्षं लागली. बाहेर जायची सोय म्हणजे आगबोट, आणि पावसाळ्यात तीही बंद. आपण ज्याला गैरसोय म्हणून रडतो, तीच इंग्रजांना कैद्यासाठी सोय वाटली. याच्याच आधी त्यांनी दिल्लीच्या बहादूरशहा जफरला रंगूनला नेऊन ठेवलं होतं. तिकडचा राजा इकडे, इकडचा बादशहा तिकडे. आणि पुढे आपल्या रत्नागिरीत जन्मलेल्या टिळकांना १९०८ ते १९१४ ही सहा वर्षं मंडालेच्याच तुरुंगात ठेवलं. तो तुरुंग राजाच्या जुन्या किल्ल्याच्या आवारात होता. म्हणजे रत्नागिरीचा माणूस मंडालेच्या किल्ल्यात कैदी आणि त्या किल्ल्याचा मालक रत्नागिरीत कैदी. १९१२ साली टिळकांच्या पत्नी सत्यभामाबाई इकडे वारल्या, नवऱ्याची गाठ पडली नाही. त्याच वर्षी धाकटी राणी सुपयागले रत्नागिरीत वारली, तिला तिचा मुलूख पुन्हा दिसला नाही.

आता एक गोष्ट ध्यानात घ्या. राजा रत्नागिरीत तीस वर्षं राहिला, पण राजवाड्यात जेमतेम सहा वर्षं. आधीची चोवीस वर्षं सगळं कुटुंब सरकारने दिलेल्या जुन्या बंगल्यांत होतं. नवं घर मिळावं म्हणून राजा अर्ज करत राहिला, आणि अखेर १९१० साली, भाट्याच्या खाडीकडे तोंड करून उभं असलेलं हे घर राहण्याजोगं झालं. तोवर मुली वयात येऊन गेल्या होत्या. थोरलीने तिशी गाठली होती.

घराचा खर्च कसा चालायचा, हे आपल्यासारख्या वही लिहिणाऱ्या बायकांनी समजून घेण्यासारखं आहे. सरकार राजाला ठरावीक तनखा देई. राजाला राजासारखं राहायची सवय, नोकरचाकर भरपूर, हात सैल. तनखा पुरेना. मग मंडालेहून आणलेले दागिने आणि माणकं बाहेर पडू लागली, काही विकली गेली, काही गहाण पडली, स्थानिक सावकारांचं कर्ज चढलं. त्यातली कितीतरी माणकं खऱ्या किमतीच्या मानाने मातीमोल गेली असणार असं आम्हाला वाटतं. अडलेल्या माणसाच्या सोन्याला बाजारात काय भाव मिळतो, ते आपल्याला कुणी शिकवायला नको. सरकारने हिशेबावर देखरेखीला एक पोलीस अधिकारी बसवला होता. राजाला शहराबाहेर जायचं तरी परवानगी लागे.

त्यात चार मुली. ब्रह्मी राजघराण्याच्या रिवाजाप्रमाणे जावई राजरक्ताचाच हवा. असा मुलगा रत्नागिरीत मिळणार कुठून, आणि ब्रह्मदेशातल्या ज्यांची नावं पुढे आली ते राजाला पसंत पडेनात. त्यांच्याकडे मुलींचे कान टोचायचा मोठा सोहळा असतो, तोही या मुलींचा तिशीच्या आसपास झाला. आपण बारशाच्या आगेमागे कान टोचून मोकळ्या होतो! मुली घरातल्या मराठी नोकरांच्या संगतीत वाढल्या आणि चांगलं मराठी बोलू लागल्या. ब्रह्मदेशातून आलेले सेवक हळूहळू परत गेले, आणि स्वयंपाक, झाडलोट, गाडीघोडे, दारावरचा पहारा, सगळं आपल्याकडच्या माणसांवर आलं. त्या वहिनींच्या प्रश्नाचं उत्तर हेच आहे, पण त्या झाडणाऱ्या बायकांची नावं कुठे लिहिलेली नाहीत.

त्यातलाच एक दारवान गोपाळ सावंत. थोरल्या राजकन्येचं मन त्याच्यावर बसलं. तो आधीच लग्नाचा होता. १९०६ साली तिला त्याच्यापासून मुलगी झाली, तिचं नाव टू टू. राजाराणीच्या घरात त्या काळी काय वादळ उठलं असेल ते सांगायला नको. दुसऱ्या राजकन्येने १९१७ साली वडिलांच्या एका जुन्या ब्रह्मी कारभाऱ्याशी पळून जाऊन लग्न केलं. दोघींनाही लोकांनी नावं ठेवली. आमचं विचाराल तर ज्या घरात पोरींना दाराबाहेर जायची मुभा नाही आणि लग्नही जमत नाही, तिथे दोष पोरींच्या माथी का मारायचा?

डिसेंबर १९१६ मध्ये राजा वारला. राणी अडून बसली, की देह ब्रह्मदेशात नेऊ द्या. सरकार नाही म्हणालं. दोन वर्षांहून अधिक काळ त्याचं दफन झालं नाही. १९१९ साली त्याला आणि आधी गेलेल्या धाकट्या राणीला रत्नागिरीतच शेजारी शेजारी पुरलं, आणि मग सुपयालतला परत जायची परवानगी मिळाली. तीही रंगूनपर्यंतच, मंडालेला नाही. ती १९२५ मध्ये रंगूनलाच वारली.

राजवाडा मात्र तिचा कधीच नव्हता. तिच्या नवऱ्याचाही नव्हता. जागा सरकारची, बांधकाम सरकारचं, हुकूमही सरकारचा. नवरा होता तोवर राहणं होतं, तो गेल्यावर सामान बांधणं आलं. ही गोष्ट ऐकताना आमच्या गटातल्या दोन-तीन जणी गप्प झाल्या होत्या, आणि का ते आम्हाला ठाऊक आहे. ग्रामपंचायतीच्या नमुना आठवर घराला नवऱ्याबरोबर बायकोचंही नाव लागतं, त्यासाठी अर्ज करता येतो, हे आपण बैठकीत कितीदा बोललो. तरी आमच्या गटांत अजून निम्म्या घरांवर एकच नाव आहे. ज्यांचं राहिलंय त्यांनी घरपट्टीची पावती घेऊन पुढच्या बैठकीला यावं, अर्ज तिथेच भरू.

राजवाड्याचं पुढे काय झालं ते थोडक्यात. सरकारी कामाला तो वापरात राहिला, तंत्रनिकेतनचे वर्गही तिथे भरले, आता तो पुरातत्त्व खात्याकडे आहे आणि आत संग्रहालय आहे. मंडालेचा सोन्याने मढवलेला लाकडी राजवाडा १९४५ च्या लढाईत जळून गेला. आपल्याकडचा जांभा टिकला.

राहिली थोरली राजकन्या. ती आईबरोबर १९१९ मध्ये गेली, पण तिकडे रमली नाही. मुलीला घेऊन परत रत्नागिरीला आली. राजाची लेक, पण उतारवय तिने हलाखीत काढलं आणि १९४७ मध्ये इथेच वारली. टू टूचं लग्न शंकर पवार यांच्याशी झालं. तिने मराठीत संसार केला, पोरं वाढवली, शेणाच्या गोवऱ्या थापल्या, कागदाची फुलं करून विकली. ज्या आजोबांच्या माणकांवर सावकार पोसले गेले, त्यांची ही नात. राजवाडा तिच्या डोळ्यांसमोर होता, त्यातलं काही तिच्या वाट्याला आलं नाही. २००० साली, नव्वदी उलटून गेल्यावर ती वारली. रत्नागिरीतल्या जुन्या बायका अजून तिची आठवण सांगतात.

२०१२ च्या डिसेंबरमध्ये म्यानमारचे राष्ट्राध्यक्ष थेन सेन रत्नागिरीत आले, तेव्हा त्यांनी राजवाडा पाहिला आणि राजाच्या थडग्यालाही भेट दिली. राजवाडा बघायला सगळे जातात. थडगी शिवाजीनगर भागात आहेत, राजाचं मोठं आणि त्याच्या बाजूला धाकट्या राणीचं लहान. तिकडे गेलात तर रिक्षावाल्याला विचारा, तो नेऊन सोडेल.